अर्ध्यात मिटणारा खेळ

मित्रांनो, मी एक जुना कीबोर्ड आहे. माझ्या अंगावरची बरीच अक्षरे पुसून गेली आहेत, आणि खालच्या ओळीत डावीकडे एक बटण कायमचे गेले आहे. पडलेल्या दाताच्या जागी असावा तसा तिथे खळगा आहे. तो कसा पडला ते पुढे येईलच. तुमच्याकडे घरोघरी माझी भावंडे असतील. त्यांच्यावर रोज बोटे आपटताना, आपण कुणाच्या पाठीवर लिहितो आहोत, असे तुमच्या मनातही येत नसेल. म्हणून आज थोडे माझे ऐका.

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. प्रत्येक बटणाखाली रबराची एक मऊ टोपी बसवली गेली. एका बाईने माझ्या सगळ्या बटणांवरून एकदा हात फिरवला, पेटीवाला गाण्याआधी पट्ट्या चाचपून बघतो तसा, आणि मान डोलावून मला खोक्यात ठेवले. ते माझे पहिले कौतुक.

खोके उघडले ते कोजे बेटावर, जहाजांच्या गोदीसमोर. खाली सुक्या मासळीचे दुकान होते आणि वर सुनओकबाईंची पीसी-बांग, म्हणजे तासाच्या बोलीवर संगणकावर खेळायला देणारी मोठी खोली. पाळी संपली की गोदीतले तरुण कामगार जिना दणदणवत वर येत. माझी जागा खिडकीजवळ होती आणि ती पटकावण्यासाठी त्यांच्यात ढकलाढकली चाले. "हा बघ, लोण्यासारखा चालतो," असे माझ्याबद्दल बोलले जाई. मी अगदी फुगून जात असे.

कुणी माझ्यावर राम्यनचा, म्हणजे शेवयांचा, तिखट रस्सा सांडे, कुणी कॉफी. मग सुनओकबाई मला धुऊन गच्चीवर दोरीला लटकवत. शेजारी माकूळ वाळत असायचे. संध्याकाळी खाली आलो की खेळणारे नाक उडवून म्हणत, "हा समुद्रात जाऊन आला वाटतं."

वर्षे गेली. गोदीतली कामे कमी झाली, तरुण मंडळी बेट सोडून गेली. जे राहिले त्यांच्यासाठी दिव्यांनी लुकलुकणारे नवे कीबोर्ड आले. मला उचलून स्वयंपाकघराच्या दाराशी, कोपऱ्यातल्या जागेवर नेले. तिथे म्हातारी माणसे पडद्यावर पत्त्यांचा डाव मांडत. त्यांना माझी चारपाचच बटणे लागत. बाकीची धूळ खात पडली. मित्रांनो, कुणी मारले तर दुखते, पण कुणी हातच लावला नाही तर आणखी दुखते.

अशा दिवसांत दालसूकाका आले.

दालसूकाकांनी जन्मभर जहाजांच्या पोटात शिरून रंग दिला होता. बोटे जाड झाली होती आणि सांधे आखडले होते. दोन वर्षांपूर्वी त्यांची बायको गेली. मुलगी येसोल दूर सोल शहरात, इस्पितळात परिचारिका. तिचा फोन यायचा. "आप्पा, जेवलात?" "जेवलो. तू?" "जेवले." मग दोघेही गप्प. फोन ठेवायचे धाडस कुणाला होत नसे आणि बोलायला काही सापडत नसे.

शेवटी येसोलनेच युक्ती काढली. रविवारी दुपारी तिला सुट्टी असे. तिने तिथून आणि आप्पांनी इथून, मिळून एक खेळ खेळायचा. खेळात दोन वाटसरू होते. एकाच्या हाती तलवार, दुसऱ्याच्या हाती कंदील. अंधाऱ्या रानातून, पुलांवरून दोघांनी सोबत चालायचे. कंदील थांबला तर तलवारवाल्याच्या पायापुढे अंधार होतो, आणि अंधारातली जनावरे त्याला घेरतात. तलवार येसोलची, कंदील आप्पांचा.

काकांना माझी पुसलेली अक्षरे दिसेनात, म्हणून सुनओकबाईंनी आपल्या नखांच्या लाल रंगाने ती पुन्हा काढून दिली. काका एकेक अक्षर शोधून लिहीत. "हळू. मी येतो." पलीकडून येई, "या आप्पा, थांबले आहे." या दोन ओळींत जेवढी माया होती तेवढी त्या फोनांत कधी मावली नसेल. काका लिहिताना जीभ दातांत धरत. माझ्या सगळ्या बटणांना पुन्हा काम मिळाले होते.

पण एक विघ्न होते. ऐन लढाईत पडदाभर पसरलेला खेळ एकाएकी मिटायचा आणि खालच्या पट्टीत जाऊन बसायचा. काका गांगरून चाचपडत राहायचे. खेळ पुन्हा वर येईपर्यंत कंदील जागच्या जागी उभा, आणि येसोल अंधारात पडलेली. मग पडद्यावर तिची ओळ यायची, "आप्पा, कुठे गेलात?"

शेजारच्या जागेवर टॅक्सीवाला बोंगचुल पत्ते खेळायचा. त्याने एकदा कानावरचे हेडफोन काढून विचारले, "काय दादा, परत मिटला?"

"मिटला."

"मिटेल नाही तर काय. अंगठा बघा तुमचा, रंगाच्या ब्रशाएवढा. कंट्रोल दाबायला जाता आणि शेजारची खिडकीच्या चित्राची कळ दाबता. ती दाबली की खेळ खाली जातोच."

"मग आता अंगठा तासून घेऊ का?"

"अंगठा राहू द्या, कळच काढू. पूर्वी अट्टल खेळाडू हेच करायचे." आणि त्याने चमच्याच्या दांड्याने माझे ते बटण उपसून काढले. मला कळ आली, पण काकांसाठी मी ती सोसली.

पुढच्या रविवारी खेळ पुन्हा मिटला. या वेळी दोष दुसऱ्याच बटणाचा होता. धावायचे तर शिफ्टचे बटण दाबून धरावे लागे. काका ते धरत नसत, कडी वाजवावी तसे लागोपाठ ठोकत. असे पाच वेळा ठोकले की संगणकाला वाटते, या माणसाच्या बोटांना त्रास आहे, आपण मदत करावी. मग तो मधेच एक चौकट आणून मदत हवी का असे विचारतो, आणि खेळ मागे पडतो. सुनओकबाईंनी ती सोय बंद करून टाकली. अधूनमधून डोके वर काढणाऱ्या बाकीच्या सूचनाही बंद केल्या.

आता काका आठवड्याच्या मधल्या दिवशीही सरावाला येऊ लागले. दुपारी सुनओकबाईंच्या समोर बसून भात खायचे आणि मग खेळायचे. खेळ एकदाही मिटला नाही. काकांचा चेहरा उजळला. पण रविवार आला, येसोल आली, आणि खेळ अर्ध्यात मिटला.

"माझं नशीबच असं," काका बोंगचुलला म्हणाले. "एकटा असलो की काही होत नाही. पोरगी आली की घात."

बोंगचुलने आपली खुर्ची त्यांच्याकडे वळवली.

"तिच्या लहानपणीही असंच," काका म्हणाले. "शाळेत खेळांचा दिवस होता. ती पळायला उभी राहिली आणि गोदीतून बोलावणं आलं. उठून गेलो. तिची आई आजारी, तेव्हाही घास टाकून उठून गेलो. आता कुठं जात नाही बघ. इथंच बसलेलो असतो. पण तिला काय दिसतं? आप्पा पुन्हा गेले."

त्याच संध्याकाळी तिची ओळ आली. "आप्पा, कंटाळा आला असेल तर सांगा. मी रागावणार नाही. पण अर्ध्यात सोडून जाऊ नका, ते मला सोसत नाही. पुढच्या रविवारी डोंगरातली खिंड चढू. ती झाली नाही, तर खेळ बंद करू."

काकांनी ती ओळ बोट ठेवून वाचली. उत्तर लिहायला माझ्यावर हात ठेवले आणि तसेच उचलले.

मित्रांनो, खेळ का मिटतो ते मला ठाऊक होते. पडदा माझ्या समोरच असतो. पण माझी अक्षरे दुसऱ्यांची बोटे बोलतात. मला स्वतःला एक शब्दही बोलता येत नाही.

झाले होते असे. रविवारी सकाळी काका डोंगरावर बायकोच्या थडग्यापाशी जायचे आणि तसेच थेट इथे यायचे. जेवण राहून जायचे. सुनओकबाईंना ते गल्ल्यावरून दिसायचे. म्हातारा उपाशी बसला आहे, या विचाराने त्यांचा जीव तुटायचा. मग त्या गल्ल्यावरच्या संगणकावरून काकांच्या पडद्यावर निरोप धाडायच्या, 'काका, जेवलात का? राम्यन टाकू?' पीसी-बांगेत गल्ल्याशी बोलणे असेच चालते, कुणी जागेवरून उठत नाही. निरोपाची चौकट खेळाच्या डोक्यावर येऊन बसे आणि खेळ मिटे. काका चष्मा काढून खेळत. शिवाय बोंगचुलने त्यांना शिकवले होते, काही अडले की एंटर मारा. ते घाबरून माझ्या एंटरवर बोट आपटत, आणि न वाचलेला निरोप क्षणात नाहीसा होई.

तो रविवार आला. काका थडग्यावरून आले, बुटांना माती तशीच. खिंड अरुंद होती. येसोल पुढे, कंदील तिच्या मागे. काकांनी माझे शिफ्टचे बटण न ठोकता हळुवार दाबून धरले होते. अर्धी खिंड झाली. येसोलने लिहिले, "आप्पा, किती छान धरलाय कंदील." आणि तेवढ्यात पलीकडे सुनओकबाईंनी गल्ल्यावरचा कीबोर्ड जवळ ओढला.

खेळ मिटला.

काकांनी मला मारले नाही. रागाने आपटलेही नाही. एंटरवर एकदा बोट टेकवले, खेळ वर आणला, येसोल पडलेली पाहिली, आणि टोपी उचलून जायला निघाले.

गल्ल्याशी सुनओकबाईंनी त्यांना अडवले. "निघालात? दर रविवारी विचारते जेवलात का, कधी एका शब्दानं उत्तर नाही. नको तर नको म्हणावं. आमच्या हातचं रुचत नसेल."

"कधी विचारलंस बाई?"

"कधी म्हणजे? आत्ता. पडद्यावर."

काका उभेच राहिले. "पडद्यावर?"

बोंगचुल पत्ते टाकून उठला. "वहिनी, जरा परत पाठवा बघू तेच." तो माझ्या खुर्चीत येऊन बसला. बाईंनी निरोप धाडला. चौकट आली, खेळ मिटला. बोंगचुलने ती चौकट मोठ्याने वाचून दाखवली.

"म्हणजे मीच," सुनओकबाई म्हणाल्या. "मला वाटलं उपाशी असतील. आता हे पोरीला काय सांगणार?"

"मी सांगून काय उपयोग," काका म्हणाले. "जन्मभर सबबीच सांगितल्या मी तिला."

बाईंनी आधी त्या जागेवरचे निरोप कायमचे बंद केले. मग माझ्या जागेशी येऊन, मला पुढे ओढून त्यांनीच लिहिले, "मुली, मी दुकानाची मालकीण. तुझे आप्पा उठून गेले नव्हते. एकदाही नाही. मी इथून त्यांना जेवण विचारत होते, त्याने खेळ मिटत होता. चूक माझी."

खिंडीत कंदील उभा होता.

मग ओळ उमटली. "जेवले का ते?"

बाईंनी वाचून दाखवले. काका म्हणाले, "नाही म्हणून सांग."

"तुम्ही सांगा. मी आता मधे पडत नाही," असे म्हणून बाई स्वयंपाकघरात गेल्या.

काकांनी चष्मा लावला आणि लिहिले, "नाही."

"आधी जेवा. मी इथेच बसते." आणि पडद्यावर तलवारवाली पोर उठली, दोन पावले मागे आली, आणि कंदिलाला टेकून बसली.

काका राम्यन खाताना सारखे पडद्याकडे बघत होते. रस्स्याचे थेंब माझ्यावर पडले. मला त्याचे काहीच वाटले नाही. बोंगचुलने नाक पुसले आणि म्हणाला, "तिखट फार घातलंय वहिनींनी." त्याच्यासमोर वाडगा नव्हताच.

वाडगा रिकामा झाल्यावर दोघे खिंड चढले. पलीकडे उतारावर सकाळ होत होती, तिथे कंदिलाची गरज नव्हती. येसोलने विचारले, "पुढच्या रविवारी याल?" काकांनी अक्षरे शोधली. नुसते 'हो' म्हटले असते तरी चालले असते. पण त्यांनी सावकाश लिहिले, "मी इथेच आहे."

मित्रांनो, तुमचा खेळ अर्ध्यात मिटला तर माझ्या भावंडांवर मुठी आपटू नका. आधी बघा, कुठली कळ चुकून दाबली गेली, कोण मधे डोकावले, कुणाचा निरोप आला. तो न वाचता मिटवू नका. आमच्यावर काही सांडले तर पुसून घ्या. आणि समोरचे माणूस मधेच गप्प झाले, तर ते सोडून गेले असे लगेच धरून बसू नका. कदाचित ते तिथेच बसलेले असेल, चाचपडत, तुमच्यापर्यंत परत यायची वाट शोधत. तिथेच आहेस ना, एवढे विचारायला जागेवरून उठून त्याच्याजवळ जा.