पंचफुलाबाई आणि आम्ही सत्तावीस आरसे

हसा मित्रांनो, खुशाल हसा. माझ्यापुढे येऊन न हसलेला माणूस विरळाच. मी आरसा आहे, पण जुना आणि वाकडा. उंचाला बुटकं करायचं आणि काटकुळ्याला गुटगुटीत, हे माझं काम. आज मात्र मी परभणीतल्या एका गोदामात भिंतीकडे तोंड करून उभा आहे. भिंत काही हसत नाही, म्हणून तुमच्याशी बोलतो.

माझा जन्म हैदराबादचा. एका म्हाताऱ्या कारागिराने पोलादी पत्रा आठ दिवस घासून लखलखीत केला, त्याला बाक दिला आणि लाकडी चौकटीत बसवला. मग माझ्यात स्वतःची दाढी न्याहाळत तो म्हणाला, "वा मियाँ, अब दिखे तुम खाते-पीते घर के!" ही माझी पहिली शाबासकी.

पुढे कितीतरी वर्षं मी जत्रांच्या तंबूंतून हिंडलो. तीन वर्षांपूर्वी परभणीतल्या एका हौशी माणसाने मला विकत घेतलं. बंद पडलेल्या कापसाच्या जिनिंगच्या शेडमध्ये त्याने दालन मांडलं होतं. पुढच्या खोलीत फसवी चित्रं होती. मगरीच्या जबड्यात पाय द्या, उडत्या गालिच्यावर बसा, फोटो काढा. पडदा सारला की आम्ही सत्तावीस आरसे. कुणी माणसाची बांबूची काठी करायचा, कुणी एकाची दोन डोकी, कुणी एकट्याची पलटण. बाहेर पडायच्या दाराशी एक साधा, सपाट आरसा होता. जाता जाता लोकांनी भांग नीट करावा, एवढ्यासाठीच. त्याच्यापुढे कुणी फोटो काढत नसे. आम्ही त्याला मनातल्या मनात बिनकामाचा म्हणायचो.

मी हिशेबी आहे. माझ्याकडे वही नाही, पण नोंद पक्की असते. पुरुष माझ्यापुढे आले की आधी पोट आत घेतात. बायका आधी मागे कोण उभं आहे ते बघतात. नवरा-बायको आले की प्रत्येक जण दुसऱ्याच्या जाडीला हसतो, स्वतःच्या नाही. आणि चार-पाच क्षणांपेक्षा जास्त कुणीच थांबत नाही. नाही म्हणायला एकदा एक गुरुजी थांबले होते, पण त्यांच्या चष्म्याचा नंबर वाढला होता.

गेल्या वर्षी वैशाखातल्या एका दुपारी तिघं जण आले. बोरी गावचे किशनराव, त्यांच्या पत्नी पंचफुलाबाई आणि नऊ वर्षांची नात अर्पिता. पंचफुलाबाईंना दवाखान्यात दाखवून ते गावाकडे निघाले होते. बसला वेळ होता, बाहेर ऊन रटरटत होतं, आणि पोरीने हट्ट धरला. आमच्या पाटीवर 'थ्रीडी चित्र दालन' असं वर आणि 'जादूचे आरसे' असं खाली लिहिलं होतं. पण खालच्या ओळीवर कुण्या दादांच्या वाढदिवसाचा फ्लेक्स येऊन बसला होता. किशनरावांनी वरचं वाचलं आणि तिकिटं काढली. चित्रंच तर आहेत, त्यात कसली भीती?

पडदा सारून आत पाऊल टाकलं आणि ते जागीच थबकले, साप पाहावा तसे. झटकन वळून त्यांनी बायकोपुढे दोन्ही हात पसरले.

"अगं, इकडं काई न्हाई. चल, बस निघंल."

"आत्ता तर म्हनलाव बस चारला हाय," पंचफुलाबाई म्हणाल्या.

"लवकर बी सुटती कधी कधी."

तेवढ्यात अर्पिता माझ्यापुढे येऊन नाचू लागली. "आज्जी, हे बघ! मी ढब्बू मिरची झाले! आबा, आता आज्जीला आरसा दाखवायचा ना? घरातले सगळे तुमी कोठीत लपवलेत. गाडीचे बी काढून पोत्यात बांधलेत."

किशनरावांचं तोंड उतरलं. आजारपणाला पाच महिने झाले होते. औषधाने बाईंचे केस गेले, अंगावरचं मांस गेलं, आणि त्याचबरोबर घरातला एकेक आरसाही गेला होता. कुंकूसुद्धा सूनच लावायची. पाच महिने आरसे दडवणारा माणूस आज स्वतः तिकीट काढून बायकोला सत्तावीस आरशांत घेऊन आला होता.

पंचफुलाबाईंनी त्यांचे हात बाजूला केले आणि डोक्याला रुमाल बांधलेला, तशाच माझ्यापुढे उभ्या राहिल्या. मी माझं काम केलं. गाल भरले, दंड भरले, मानेची हाडं झाकली. किशनरावांच्या जिवात जीव आला.

"बघ! मी काय म्हनत होतो? कुठं वाळलीस तू? पयल्यासारखीच हायस!"

मित्रांनो, तेव्हा मी मनातून फुगलो. वाटलं, आयुष्यभर लोकांना हसवलं, आज एका बाईला धीर दिला. पण पंचफुलाबाईंची नजर माझ्यात हळूच बाजूला सरकली. तिथे किशनराव होते. खारकेसारखा सुरकुतलेला माणूस माझ्यात भोपळ्यासारखा गरगरीत दिसत होता.

"अवं, तुमी बी लय बाळसं धरलं की," त्या म्हणाल्या. "दवाखान्यातला चहा मानवला जनू."

दालनाची देखभाल करणारी निकिता तोंडावर हात धरून हसत होती. पंचफुलाबाईंनी तिला विचारलं, "बाई, इथं खरं सांगनारा आरसा हाय का एखादा?"

निकिताने किशनरावांकडे पाहिलं. त्यांनी मान हलवून नको नको म्हटलं. पण अर्पिताने बोट दाखवलंच. "ह्यो काय, दारापशी! भांग पाडायचा."

तो सपाट आरसा मला तिरका दिसायचा, म्हणून पुढचं सगळं मी पाहिलं. पंचफुलाबाईंनी डोक्याचा रुमाल सोडला आणि पाहू लागल्या. मागून एक घोळका आला, हसला, निघून गेला. दुसरा आला, गेला. त्या पाहतच होत्या. आम्हाला वाटलं, आता रडतील.

"एवढंच व्हय?" त्या म्हणाल्या. "मला वाटलं नाक झडलं असंल, डोळं खोबनीत गेलं असंल, लेकरं भेत असतील. एकेक आरसा गेला तसं मी मनात कायबाय तोंड बनवत गेले. हे तर माझ्या आईचं तोंड हाय. शेवटी तिचं बी असंच झालतं."

"तुला तरास नको म्हनून..." किशनराव पुटपुटले.

"आरसे लपवले ते लपवले. पर तुमी माझ्याकडं बघायचं कामून सोडलं? गोळी देताना दाराकडं बघायचं, भाकर देताना ताटाकडं. मंग मी काय समजावं?"

किशनराव आत्ताही फरशीकडेच बघत होते. मग त्यांनी मान वर केली. आरशात नाही, तिच्याकडेच पाहिलं. माझ्या हिशेबात एका माणसाने दुसऱ्याकडे इतका वेळ पाहिल्याची दुसरी नोंद नाही.

"काय दिसायलंय?" पंचफुलाबाईंनी विचारलं.

"लय वाळलीस गं," किशनराव म्हणाले आणि लहान पोरासारखे रडले.

"हां. आता बरं वाटलं." बाईंनी पिशवीतून करंडा काढला आणि पाच महिन्यांनी स्वतःच्या हाताने कुंकू लावलं. चारची बस त्यांना मिळाली की नाही, ते मला माहीत नाही.

त्या दिवसानंतर मी पहिल्यासारखा फुगलो नाही. दालनाचे दिवसही फिरले. लोक येईनासे झाले. कुणी माझ्यावर नाव कोरलं, कुणी पट्ट्याच्या बक्कलाने चरे ओढले. मातकट फडक्याने पुसून पुसून माझी चमक गेली आणि कडेने गंज चढला. संक्रांतीनंतर शेड रिकामी करायचं ठरलं.

सामान बांधायच्या दिवशी किशनराव आले, सोबत अर्पिता. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही. सपाट आरशापुढे जाऊन उभे राहिले. निकिताने विचारलं, "आजी न्हाई आल्या?"

"मार्गशीर्षात गेली." किशनरावांनी आरशावरून हात फिरवला. "घरी गेलो त्याच दिवशी आरसे काढले. रोज सकाळी मीच तिच्यापुढं आरसा धरायचो. शेवटच्या दिवशी तिला बोट उचलंना, तवा मी कुंकू लावलं. म्हनली, सरळ हाय का? म्हनलो, न्हाई गं, वाकडं लागलंय. तर हसली. म्हनली, असू द्या."

निकिताच्या हातातली सुतळी तशीच राहिली. अर्पिताने आजोबांचं बोट धरलं आणि दोघं निघून गेले.

मित्रांनो, मला पुसायला या, असं मी म्हणणार नाही. गंजलेल्या पत्र्याला आता पुसून तरी काय होणार? मागणं एवढंच, की घरातलं माणूस आजाराने उतरलं तर त्याच्यापुढचा आरसा काढू नका, आणि आपली नजर तर मुळीच काढून घेऊ नका. आम्हा आरशांना चेहरा साठवता येत नाही. समोरचा हलला की आम्ही रिकामे. हजारो माणसं माझ्यापुढून गेली, पण आज माझ्यात त्यांतलं एकही नाही. पंचफुलाबाईही नाहीत. त्या किशनरावांपाशी आहेत, कारण त्यांनी बायकोकडे पाहिलं, थोडं उशिरा का होईना. तुम्ही उशीर करू नका.