मालनबाईची चटणी

श्रीपतने भिजलेली चिंच कोळली आणि चोथा गाळणीवर दाबत राहिला. बासष्ट वर्षांत चुलीकडे न फिरकलेला हा गडी आज सकाळपासून स्वयंपाकघरात ठाण मांडून होता. शेजारची गौराबाई मदतीला आली, तर तिलाही त्याने परत पाठवलं.

मालनबाईला जाऊन सोळा दिवस झाले होते. आईच्या पुण्यानुमोदनाला साजगावहून आलेली लेक स्नेहल माहेरी पोशीरलाच राहिली होती. पोरीला पाचवा महिना, आणि ताट समोर आलं की तोंड फिरवायची. काल एवढंच म्हणाली, "आईची चटणी असती तर दोन घास गेले असते."

म्हणून हा खटाटोप. कोळात गूळ विरघळला, तिखट पडलं, जिऱ्याची फोडणी चरचरली. पहिली खेप त्याला खारट लागली. ती ओतून देऊन त्याने पुन्हा चिंच भिजवली. दुसऱ्या खेपेचं बोट जिभेवर ठेवलं आणि त्याचे डोळे भरले. तीच चव, अगदी तीच. सोळा दिवसांत पहिल्यांदा त्याला घर रिकामं वाटलं नाही.

त्याने वाटी आणि तांदळाची भाकरी लेकीपुढे ठेवली. स्नेहलने घास बुडवला, तोंडात घातला आणि थांबली.

"का गं? जमली नाय?"

"जमली, आबा. पन ही तुमची हाय."

"म्हंजे?"

"तुमचं बीपी निघालं तवापासनं आई तुमची वाटी आधी काढायची. मंग आमच्यात मीठ घालायची. सांगितलं असतं तर तुमी भांडला असता."

नऊ वर्षं. जेवायला बसलं की तो हमखास म्हणायचा, "हाताची चव गेली गं तुजी." मालन नुसती हसायची. म्हणायची, "म्हातारी झाले न्हवं." श्रीपतला स्वतःची लाज वाटली.

स्नेहलने वाटीत मीठ कालवलं. एक घास खाल्ला, मग दुसरा. तिसऱ्याला तिला रडू आलं, पण ती खात राहिली. अर्धी भाकरी संपल्यावर तिने एक तुकडा चटणीत बुडवून बापापुढे धरला.

"घ्या, आबा. आईची कशी लागायची ते बगा तरी. एवढ्यानं काय होत नाय."

श्रीपतने हात पुढे केला, मग मागे घेतला.

"नको गं," तो म्हणाला. "तिला चालायचं नाय."