चौथ्या आग्रहात सापडलेले नाक

तेहरान नगरीच्या उत्तर अंगास, तज्रीशच्या बाजारात शिरताच डाव्या हातास नुसरतआगांचे केशर, सुके लिंबू, वेलदोडे व नाना प्रकारच्या वनौषधींचे दुकान आहे. दुकान वडिलोपार्जित, आणि नाकही वडिलोपार्जित. या नाकाविषयी आरंभीच दोन शब्द सांगणे अवश्य आहे. ते लांबीने उदार, मध्यभागी उंच व टोकाशी किंचित खाली झुकलेले असे होते. केशराची डबी उघडून नुसरतआगांनी ती नाकाशी नेली, की त्यात मक्याचे तंतू मिसळले आहेत किंवा नाही, हे ते डोळे मिटून सांगत. मशहदचे व्यापारी त्यांच्या मुद्रेकडे पाहत ताटकळत उभे राहत, आणि त्या नाकपुड्या आनंदाने फुलल्या म्हणजेच सौदा पुरा होई.

परंतु ईश्वराने तेच नाक, यत्किंचितही काटछाट न करता, त्यांच्या एकुलत्या एक कन्येच्या, परस्तूच्या, मुखावर ठेवले होते.

परस्तू विमा कंपनीच्या कचेरीत नोकरीस होती. एके दिवशी जेवताना तिने विषय काढला.

"बाबा, ऑफिसात सगळ्या मुलींची नाकाची ऑपरेशनं झाली. उरली होती ती समीनसुद्धा काल पट्टी लावून आली. आता मी एकटीच."

"तुझ्या नाकाला काय धाड भरली आहे? माझंच आहे ना ते?"

"तेच तर!"

नुसरतआगांनी आशेने पत्नीकडे पाहिले. तूबा खानम भात वाढता वाढता म्हणाल्या, "माझ्याकडे काय बघता? मी हे नाक एकाच चेहऱ्यावर पसंत केलं होतं. दोन चेहऱ्यांचं बोलणं झालं नव्हतं."

"मग हेंगामेनं केलं तिथं करू या," नुसरतआगा नमते घेऊन म्हणाले. "स्वस्तात होईल."

"स्वस्तात?" तूबा खानमनी डाव आपटला. "तुमच्या भाचीनं भाड्याच्या फ्लॅटात, कुठल्याशा अर्धवट माणसाकडून करून घेतलं. दोनदा उसवून पुन्हा शिवलं. आता श्वास घेतला की शिट्टी वाजते. रस्त्यात टॅक्सीवाले थांबतात हो तिच्यासाठी!"

अखेरीस स्वस्ताईचा विचार मागे पडला. परस्तूची दोन वर्षांची शिल्लक, तूबा खानमच्या बांगड्या आणि नुसरतआगांनी नवरोजच्या सणाच्या मालासाठी बाजूस ठेवलेले तुमानांचे पुडके असे सर्व एकत्र करून, शहरात ज्यांच्या हाताचे नाव घेतले जाई त्या डॉक्टर साबेतींकडे जाण्याचे ठरले.

डॉक्टर साबेती हे अत्यंत सभ्य गृहस्थ होते, आणि पुढील सर्व अनर्थाचे मूळ या सभ्यतेतच आहे. त्यांनी परस्तूचे नाक निरखले, संगणकावर तिचे भावी नाक काढून दाखविले, आणि कोणतीही गोष्ट न लपविता सांगितले की सूज पुरती उतरण्यास वर्ष लागते, श्वासास अडथळा येऊ शकतो, आणि क्वचित पुन्हा शस्त्र लावावे लागते. परस्तूने सर्व मान्य केले. तदनंतर डॉक्टरांची दृष्टी पित्याकडे वळली.

"माशाल्ला! म्हणजे मूळ प्रत इथे आहे तर!"

"आपल्या सेवेला हजर आहे, डॉक्टरसाहेब," नुसरतआगा छातीवर हात ठेवून म्हणाले. "हे नाक आपलंच समजा."

"काय बोलता! अशा नाकाला हात लावायला मिळणं हे माझं भाग्य. मुलीबरोबर तुमचंही करून टाकू. फीचं नाव काढायचं नाही."

"छे छे! आमच्या नाकाची काय लायकी, की त्याला आपला हात लागावा!"

"तुम्ही फक्त हुकूम करा."

"हुकूम आपला. आमचं नाक आणि आमची मान, दोन्ही आपल्यापुढे वाकलेली."

"मग ठरलं समजू?"

येथवर सर्व काही रीतीस धरून चालले होते. तीन वेळांचा आग्रह हा हवेतला, तो ऐकावा, आनंद मानावा आणि उठावे, हे आपल्याकडे इराणात पाळण्यातल्या बालकासही ठाऊक असते. चौथ्यांदा जो म्हणतो, तो मनापासून म्हणतो. नुसरतआगांनी या क्षणी "ईश्वर आपलं आयुष्य वाढवो" एवढे म्हणून उठावयाचे होते. परंतु ज्याच्या सुरीखाली आपल्या पोटच्या मुलीचे मुख जावयाचे, त्याच्याशी बोलताना सौजन्यात एक शब्दही उणा पडू नये, अशी कळकळ त्यांच्या अंतःकरणात दाटून आली.

"ठरलं!" ते म्हणाले. "आपण म्हणाल त्या दिवशी."

डॉक्टरांचे हसू जागच्या जागी थिजले. तथापि चौथा शब्द, नुसरतआगांच्या तोंडून का होईना, उच्चारला गेला होता. त्यांनी परिचारिकेस हाक मारली. "अक्रम खानम, आगांना... आगांना दिवस द्या."

अक्रम खानम ही तब्रीझची, कामास वाघीण. तिने मान वर न करताच सांगितले, "मुलीचं येत्या बुधवारी. बापाचं त्यानंतर दोन आठवड्यांनी. सकाळी उपाशीपोटी या."

रस्त्यावर येताच तूबा खानमनी नवऱ्याची बाही धरली. "काय केलंत हे?"

"शिष्टाचार केला."

"शिष्टाचारात लोक चहा नाकारतात हो! नाक देऊन येत नाहीत!"

परस्तूची शस्त्रक्रिया निर्विघ्न पार पडली. डोळ्यांभोवती वांग्याचा रंग आणि नाकावर शुभ्र पट्टी अशी ती घरी आली. नातेवाईक रीतीप्रमाणे आजाऱ्यासाठी अननसाचे डबे घेऊन समाचारास येऊ लागले, आणि ती राणीसारखी गादीवर बसून सर्वांस पट्टीचे फोटो काढू देऊ लागली. पुढे डॉक्टरांनी पट्टी काढली, तेव्हा सुजेच्या आडूनही एक नाजूक नाक डोकावताना दिसले, आणि तूबा खानमच्या डोळ्यांस पाणी आले. नुसरतआगांस मात्र कन्येच्या मुखावरून आपले वडील निघून गेल्यासारखे वाटले. परंतु तिचा आनंद पाहून त्यांनीच तिच्यापुढे आरसा धरला.

नंतरच्याच दिवशी दुपारी ते दुकानातून जेवावयास येत असता, जिन्याच्या पहिल्या वळणावरच त्यांना कांदा करपल्याचा वास आला. ते धावत वर गेले. तूबा खानम शेजारणीकडे गेल्या होत्या, कढई धुराने काळवंडली होती, आणि शेगडीपासून दोन हातांवर परस्तू फोनमध्ये डोके घालून स्वस्थ बसली होती.

"अगं, घर पेटवतेस का? कांदा जळतोय!"

"जळतोय?" तिने दचकून पाहिले. "मला काहीच आलं नाही, बाबा. ऑपरेशन झाल्यापासून कसलाच वास येत नाही. डॉक्टर म्हणाले, आत सूज आहे. महिना-दोन महिन्यांत येतो परत."

"सगळ्यांना येतो?"

"बहुतेकांना."

नुसरतआगांनी शेगडी बंद केली. "बहुतेकांना" या शब्दाने त्यांच्या काळजाचा ठाव घेतला. कन्येस वास न येता कचेरी चालली असती, परंतु त्यांचे काय? दुसऱ्या दिवशी दुकानात त्यांनी केशराची डबी उघडली, श्वास रोखून धरला, आणि नुसत्या डोळ्यांनी पाहिले. तांबडे तंतू, इतकेच. खरे की खोटे, काही कळेना. बापाने आणि आज्याने ज्या जागी बसून नाव कमावले, त्या जागी आपण आंधळ्यासारखे बसलो आहोत, असे दृश्य त्यांच्यासमोर उभे राहिले, आणि त्यांनी घाईघाईने श्वास घेतला.

"मी फोन करते," संध्याकाळी तूबा खानम बाह्या सरसावून म्हणाल्या, "आणि स्पष्ट सांगते."

फोन स्वतः डॉक्टरांनीच उचलला. क्षेमकुशलास पाव तास लागला. त्यानंतर तूबा खानम फोन ठेवून, काहीशा ओशाळून बाहेर आल्या.

"काय झालं?"

"ते म्हणाले, आगांसाठी खिडकीजवळची खोली राखून ठेवली आहे."

"तू नाही म्हणालीस ना?"

"कसं म्हणू? त्यांनी माझ्या आईच्या गुडघ्यांची चौकशी केली!"

परस्तूस हसू आवरेना, परंतु हसल्याने टाके ओढत असल्यामुळे ती नाकाशी हात धरून म्हणाली, "बाबा, सरळ तोंडावर नाही म्हणा ना. एवढं काय?"

"परस्तू-जान," नुसरतआगा गंभीरपणे म्हणाले, "सरळ तोंडावर नाही म्हणण्याइतकं आपलं घराणं अजून खालावलेलं नाही."

अशा रीतीने तो बुधवार उजाडला. नुसरतआगांस पाठीमागे नाड्या असलेला झगा, कागदाची टोपी व सपाता देण्यात आल्या. बळी द्यावयाच्या बोकडासही निदान पाणी पाजतात, असा विचार करीत ते उपाशीपोटी मार्गिकेतून चालत शस्त्रक्रियागृहाच्या द्वाराशी आले. तेथेच हिरव्या पोशाखातील डॉक्टर साबेती त्यांना सामोरे आले.

"या, या, नुसरतआगा! पाऊल आमच्या डोळ्यांवर. चला, आधी तुम्ही."

"मी? आपल्या आधी? अशक्य! आधी आपण, डॉक्टरसाहेब."

"तुम्ही पाहुणे आहात."

"घर आपलं आहे."

"तुम्ही वयानं मोठे."

"आपण विद्येनं मोठे."

"तुमच्यापुढे मी पाठ कशी करू? मला पाप लागेल."

"आणि माझ्या झग्याची पाठ उघडी आहे, डॉक्टरसाहेब. ती आपल्याला कशी दाखवू? आधी आपण!"

या ठिकाणी नुसरतआगांच्या लक्षात एक गोष्ट आली. जोवर दोघेही दाराबाहेर आहेत, तोवर नाक जागेवर आहे. त्यांच्या आवाजास एकाएकी बळ चढले. त्यांनी डॉक्टरांच्या दिवंगत वडिलांचा, गुरूंचा व मूळ गावाचाही मान पुढे केला. आणि आश्चर्य असे, की डॉक्टरही तसूभर मागे हटेनात. दार कमरेने उघडे धरून उभी असलेली अक्रम खानम प्रथम छताकडे, मग घड्याळाकडे पाहू लागली.

"अहो आगा मंडळी, भूल देणारे डॉक्टर आत झोपी जातील हं! कोणीतरी एक जण जा!"

मागे बाकावर पुढच्या क्रमांकाची मुलगी टोपी घालून बसली होती. ती कंटाळून उठली. "तुमचं होईपर्यंत मी जाऊ का? मला फार भूक लागली आहे."

"अवश्य! अवश्य!" दोघेही एका स्वराने उद्गारले व भिंतीस चिकटून उभे राहिले. मुलगी आत गेली. "मुलीला ताटकळत ठेवणं बरं नव्हे," असे पुटपुटत डॉक्टरही तिच्या पाठोपाठ जवळजवळ धावतच गेले.

दुपारी डॉक्टर बाहेर आले, तेव्हा नुसरतआगा झग्यातच बाकावर बसलेले होते. डॉक्टरांनी चहा मागविला. दोघांनी खडीसाखर दाताखाली धरली. मग डॉक्टरांच्या तोंडून, केवळ सवयीने, शब्द निघाले.

"तुमची फार गैरसोय झाली. पुढच्या बुधवारी नक्की?"

नुसरतआगांनी तोंड उघडले. "आपली आज्ञा" हे शब्द जिभेच्या टोकाशी तयार होते. परंतु त्याच वेळी चहाची वाफ वर आली, आणि तिच्यात त्यांना वेलदोडा लागला. जुना, मागील वर्षीचा, ओलसर पोत्यातला. हा वास आज कळला. तो उद्या येणार नाही, या भीतीने त्यांच्या तोंडून निराळाच शब्द बाहेर पडला.

"नाही."

त्यांचे कान लाल झाले. तरीही ते पुढे म्हणाले, "मला कापून घ्यायचं नाही, डॉक्टरसाहेब. माझं दुकान या नाकावर चालतं. वास गेला तर मी बाजारात कशाला बसू? माझ्याकडून चूक झाली. माफ करा."

डॉक्टरांनी पेला खाली ठेवला, आणि नुसरतआगांच्या खांद्यावर डोके टेकवून ते हसू लागले.

"अहो आगा, त्या दिवसापासून हा एक शब्द ऐकायला माझे कान आसुसले आहेत! या वयात, एवढ्या जाड कातडीला सुरी लावायची म्हणजे माझं नावच पणाला. त्यात सगळं फुकट, भूल देणाऱ्याचे पैसेही माझ्या खिशातून. बायको माझ्याशी बोलत नाही."

"मग आपणच ‘नाही’ का म्हणाला नाहीत?"

"मी?" डॉक्टर चकित होऊन म्हणाले. "तुमच्या तोंडावर?"

नुसरतआगा घरी पोहोचले, तेव्हा रुग्णासाठी सूप तयार होते आणि अननसाचे डबे रांगेने मांडलेले होते. तूबा खानमनी दार उघडले व त्या पाहतच राहिल्या.

"नाक?"

"आहे."

"म्हणजे झालं तरी काय?"

"मी नाही म्हणालो."

"कोणाला?"

"डॉक्टरांना. समोरासमोर."

तूबा खानमनी त्यांचे नाक चिमटीत धरून खात्री करून घेतली. परंतु लगेच त्यांच्या मुद्रेवर एक चतुर विचार चमकला. त्यांनी नवऱ्याच्या हातात फोन दिला. "तोंड गरम आहे तोवर माझ्या भावाला लावा. दर शुक्रवारी सगळं खटलं घेऊन जेवायला येतो. माझा भाऊ आहे, मला बोलता येत नाही. तुम्ही सांगा."

नुसरतआगांनी छाती फुगवून फोन लावला. "सलाम, रहमत-जान! ऐक, येत्या शुक्रवारी... नाही. नाही म्हणजे... अरे, तसं नव्हे... अरे बाबा, तुझं पाऊल आमच्या डोळ्यांवर, घर तुझंच आहे..."

"द्या तो इकडे!" म्हणून तूबा खानमनी फोन हिसकावला व त्या आतल्या खोलीत गेल्या. तेथून भावाच्या सासूच्या प्रकृतीची चौकशी ऐकू येऊ लागली.

परस्तू वाटीत चमचा फिरवीत बसली होती. तिने वाटी पित्यापुढे सरकविली.

"बाबा, मला अजून काहीच येत नाही. सांगा ना, कसला वास आहे?"

नुसरतआगांनी डोळे मिटले आणि नाक वाटीवर झुकविले. "सुकं लिंबू. आपल्याच दुकानातलं, काळं. खाली तळलेला पुदिना आहे. हळद जरा जास्त झाली आहे, पण आईला सांगू नकोस."

"आणि मीठ?"

"मिठाला वास नसतो, पोरी. ते चाखून बघ."