दुप्पट वेगाचा शॉट

कॅमेरामनने हँडल फिरवायला घेतलं आणि मनात मोजू लागला. एरवी सेकंदाला दोन फेरे, आज एकच. हँडल निम्म्या वेगाने फिरलं की पडद्यावर सगळं दुप्पट पळतं. म्हणून लॉरीने चालत्या माणसाच्या वेगाने यायचं, आणि रस्त्यात उभ्या प्रेमी जोडप्याने सावकाश धडपडायचं. त्याच्या कोटाचं बटण तिच्या शालीत अडकलेलं. लॉरी दोन हातांवर आली की बाजूला व्हायचं. प्रेक्षक पोट धरून हसणार.

मुलगी म्हणजे कॅमेरामनची धाकटी बहीण. नायकाला सगळे चष्मिस म्हणत.

"हळू रे!" ती चष्मिसला म्हणाली. "घाई केलीस तर पडद्यावर माकड दिसशील."

"आणि आत्ता?"

ती खरीखुरी हसली. मूकपटात बोलणं कुणाला ऐकू जाणार नव्हतं, पण भावाला जात होतं. दहाच मिनिटांपूर्वी त्याने चष्मिसला शेडमागे गाठून दम भरला होता, "तिच्या वाऱ्यालाही उभा राहू नकोस."

वळणावर लॉरी दिसली. इंजिनाचा आवाज भलताच चढा होता.

ड्रायव्हर आजच आलेला. "सुसाट आली पाहिजे," एवढंच दिग्दर्शकाने त्याला सांगितलं होतं. खरा वेग समजावणं कॅमेरामनचं काम. दम भरण्याच्या नादात तेच राहून गेलं होतं.

कॅमेरामन ओरडला, "बाजूला व्हा!"

लॉरीकडे पाठ करून दोघं त्याच्याकडे बघत राहिली. बहिणीला वाटलं, दादा नेहमीसारखा डाफरतोय. 'कट' ऐकल्याशिवाय त्याने आजवर हँडल सोडलं नव्हतं. आज सोडलं आणि तो हात हलवत धावला.

चष्मिसने त्याचा चेहरा पाहिला, मग मागे. बटण ओढलं, सुटेना. त्याने तिला कवेत घेतलं आणि दोघं गडगडत कडेच्या चरात पडली. लॉरी धूळ उडवत त्याच जागेवरून गेली.

"हँडल कुणी सोडलं?" दिग्दर्शक ओरडत होता.

कॅमेरामन चरात उतरला. "दादा, लागलं नाही रे," बहीण म्हणाली. चष्मिसच्या कोपरातून रक्त येत होतं. चष्म्याची एक काच गेली होती. बटण अजून शालीतच. कॅमेरामनने ते सोडवायला हात घातला, पण बोटं ऐकेनात.

चष्मिस चाचरत म्हणाला, "मी सोडवू?"

कॅमेरामनने हात मागे घेतला.

"सोडव," तो म्हणाला. "सावकाश."