आधी लहानाचा हात

या मित्रांनो, असे जवळ सरकून बसा. पुढच्यांनी जरा मागच्यांना वाट द्या, कारण माझा आवाज आता फार लांब जात नाही. एक गोष्ट सांगतो. ती खरी आहे. गोड आहे, असं मात्र मी म्हणणार नाही.

मी एक जुना साचा आहे. मातीची भिंत उभी करायचा लाकडी साचा. दोन लांब फळ्या, टोकाला एक आडवी फळी, खाली चार दांडे आणि वर पीळ घालून आवळलेला दोर, एवढाच माझा देह. पोटात काही नाही. देवानं मला रिकामा ठेवला, म्हणून तर मी जन्मभर भरला गेलो. भरलेल्याला कोण भरणार?

अॅटलसच्या डोंगरात एक देवदार होता. त्याच्या खोडातून एका सुतारानं मला काढलं, बिस्मिल्ला म्हणून पहिला खिळा मारला आणि गाढवाच्या पाठीवर घालून तिझगी गावाला धाडलं. डोंगराच्या दक्षिणेला, अंजिराच्या आणि बदामाच्या झाडांत लपलेलं हे गाव. तिथली घरं मातीची, मशीद मातीची, धान्याची कोठारंही मातीचीच.

माझा एक स्वभाव सांगून ठेवतो. मी एकट्या माणसाच्या काहीही उपयोगाचा नाही. दोघांनी मला धरायचं, एकानं माझ्या पोटात उभं राहून धुमस, म्हणजे माती ठोकायचा जड ठोकळा, मारायची, बाकीच्यांनी टोपल्यांनी माती आणायची. म्हणून मी कुणा एकाच्या मालकीचा कधीच नव्हतो. आज याचं घर, उद्या त्याचं. गाव सगळं मिळून राबायचं. तुमच्याकडे इर्जिक म्हणतात ना, तिलाच तिझगीत तिविझी म्हणतात.

मग सिमेंट आलं. गावानं मला मशिदीमागच्या पडवीत टाकलं. चौदा वर्षं शेळ्यांनी माझ्या अंगाला पाठ खाजवली. त्यांचा राग नाही मला; त्यांनी निदान स्पर्श तरी केला.

मला तिथून बाहेर काढलं लूबनानं. ती राजधानीतली वास्तुशिल्पी. मोठ्या कचेरीतली जागा सोडून आली होती. गावात तेव्हा मातीकाम जाणणारा एकच म्हातारा उरला होता, माल्लेम बास्सू. माल्लेम म्हणजे हातांनी शिकवणारा गुरू. त्या दोघांनी आणि गावातल्या नऊ जणांनी मिळून सहकारी संस्था काढली. नकाशा काढणारा आणि टोपली उचलणारा, दोघांचं मत सारखं. वास्तुविद्येच्या शाळेतली पोरं सहा-सहा महिने येऊन राहायची, तीही सभासदच. सकाळी ती माती वाहायची आणि दुपारी गवंड्यांना नकाशा वाचायला शिकवायची.

माल्लेमनं साठाव्या वर्षी नकाशा वाचायला घेतला. त्याला शिकवायची ती तूदा. वरच्या वाडीची मुलगी, त्या खोऱ्यातून वास्तुविद्येच्या शाळेत गेलेली पहिलीच.

"ही रेघ काय गं?"

"भिंत आहे, माल्लेम."

"एवढी बारीक? शिंकलो तर पडेल."

"माल्लेम, ही कागदावरची आहे!"

"मग कागदावर राहायला कोण जाणार, तू?"

पण हीच तूदा पहिल्या दिवशी धुमस उचलायला पुढे आली तेव्हा गवंडी आपसांत कुजबुजले होते, आणि माल्लेमनं त्यांना एका वाक्यात गप्प केलं होतं. "धुमस विचारत नाही कोण उचलतंय. तुम्ही कशाला विचारता?" त्या दिवसापासून त्या मुलीनं त्याला बापाच्या जागी मानलं.

आता संस्थेचा नियम ऐका, कारण सगळी कथा त्याच्यावर उभी आहे. साचाभर माती ठोकून भिंतीची एक भरणी झाली, मला सोडून बाजूला केलं, की प्रत्येक सभासदानं त्या ओल्या भिंतीवर तळवा ठेवायचा आणि म्हणायचं, "साफी." म्हणजे झालं, पक्कं आहे. एकानं जरी हात मागे घेतला तरी भरणी पाडायची. आणि हात लावायचे ते सगळ्यात लहानापासून. माल्लेमचा हात शेवटी. हा नियम माल्लेमनंच घातलेला. तो म्हणायचा, "थोराचा हात आधी लागला की लहानाची जीभ टाळ्याला चिकटते."

एकदा एका नवख्या विद्यार्थ्यानं खुद्द लूबनाच्या भिंतीवर हात ठेवायला नकार दिला. फोडून पाहिली तर आत झाडाचं मूळ आणि मूठभर पोकळी. लूबना लाजली, मग हसली आणि त्या पोराला तिनं आपल्या ताटातला मांसाचा तुकडा दिला. काय दिवस होते ते! लांबून लोक आमच्या भिंती बघायला यायचे, आणि मीही त्यांच्या कौतुकात अंग फुगवून घ्यायचो.

माझा सगळ्यात लाडका माणूस मात्र हम्मू. धुमस मारणारा. गळा असा, की डोंगरानं उलट साद द्यावी. कीर्तनात बुवा ओळ टाकतात आणि झीलकरी ती उचलून धरतात ना, तस्संच आमचं चाले. हम्मू माझ्या पोटात उभा राहून ओळ टाकायचा, "कोण उचलतो?" खालचे म्हणायचे, "आम्ही उचलतो!" तो म्हणायचा, "घर कुणाचं?" आणि सगळे म्हणायचे, "येईल त्याचं!" त्या तालावर धुमस पडायची. मित्रांनो, माती नुसत्या वजनानं घट्ट होत नाही, गाण्यानंही होते. मी आतून ऐकलंय.

पण भल्या संसाराला कीड लागते ती गोडाचीच. तिझगीत चहा म्हणजे साखरेचा पाक. माल्लेमला मधुमेह झाला आणि त्याच्या बोटांतली जाणीव हळूहळू मरत गेली. बाकीचे मातीचा गोळा वळून जमिनीवर टाकून बघायचे: फुटला तर बरा, चपटा झाला तर ओल जास्त. माल्लेम नुसता मुठीत दाबून सांगायचा. चाळीस वर्षं त्याची मूठ चुकली नव्हती.

एकदा माझ्या शेजारी बसून तो किटलीतून चहा ओतत होता. तूदा ओरडली, "माल्लेम, बोट! बोट भाजतंय!"

"कुठं?" त्यानं खाली पाहिलं. कातडी लाल झाली होती. "अगं, जुनं कातडं आहे, त्याला काय होतंय."

"तुम्हाला कळलं नाही?"

त्यानं किटली खाली ठेवली. मग म्हणाला, "लूबनाला सांगू नकोस, बाळ. ती मला सतरंजीवर बसवून ठेवेल. मातीशिवाय मी काय करू?"

तूदानं मान डोलावली. तिथंच पहिली भेग पडली.

दुसरी भेग मानानं पाडली. वसंतात मोठे पाहुणे आले, संगती छायाचित्रकार. भिंतीवर हात ठेवायची वेळ आली तेव्हा सगळ्यात धाकटा विद्यार्थी पुढे झाला, तर पाहुण्यांतले एक जण म्हणाले, "छे छे! असं कसं? आधी गुरू!" माल्लेम संकोचला. पण पाहुण्यांचा शब्द कोण मोडणार? त्यानं पहिला हात ठेवला. छायाचित्र वर्तमानपत्रात आलं आणि गावानं ते मशिदीशेजारच्या दुकानात लावलं. त्यानंतर पुढच्या भरणीलाही सगळे थांबले, त्याच्याकडे बघत. त्याच्याही पुढच्या भरणीला तेच. म्हाताऱ्याला मिळालेला मान त्याच्याकडून परत कोण मागणार? आणि खरं सांगू, त्यालाही तो आवडू लागला होता.

त्या वर्षी काम होतं मुलींच्या वसतिगृहाचं. वरच्या वाड्यांतून शाळेला यायचं म्हणजे तीन तासांची पायपीट. म्हणून सहावीनंतर मुली घरी बसायच्या. हम्मूची लेक इत्तोही वर्षभर घरी बसली होती. शरदात वसतिगृह उघडलं की तिचं नाव पुन्हा शाळेत लागणार होतं. भिंतीत एका खिडकीची जागा सोडली होती. हम्मू येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवून सांगायचा, "ही माझ्या इत्तोची. इथून तिला आमच्या घराचा धूर दिसेल. आई काय शिजवतेय ते वासानंच ओळखेल पोरगी."

शाळा उघडायला बावीस दिवस उरले होते. त्याच्या दोनच दिवस आधी अवचित पाऊस झाला होता. मातीच्या ढिगावरचं प्लास्टिक एका बाजूनं फाटलं होतं. सकाळी माल्लेमनं मूठभर माती उचलली, दाबली आणि म्हणाला, "चालेल."

भरणी सुरू झाली. मित्रांनो, मी लाकूड आहे, ओल मला तुमच्याआधी कळते. माझ्या फळ्यांच्या सांधीतून पाणी पाझरत होतं. कधी नव्हे तो मी फुगत होतो. पण साच्याला तोंड नसतं.

मला सोडून बाजूला ठेवलं. माल्लेमनं पहिला हात ठेवला. "साफी." मग लूबना, मग गवंडी. तूदाची पाळी आली. तिनं तळवा टेकला आणि तिचा चेहरा बदललेला मी पाहिला. तिनं भिंतीकडे पाहिलं, माल्लेमच्या पाठीकडे पाहिलं. हात मागे घेतला असता, तर सगळ्यांनी विचारलं असतं, माल्लेमला कसं कळलं नाही? आणि मग त्या बोटांची गोष्ट चारचौघांत निघाली असती.

"साफी," ती म्हणाली.

माझा दोर गुंडाळून मागून आलेल्या हम्मूनं हात ठेवला, उचलला, तळवा उन्हात धरून बघितला.

"माल्लेम, भिंतीला घाम फुटलाय की हो! माझ्यासारखंच तिलाही काम जड जातंय वाटतं."

सगळे हसले. माल्लेमही हसला. "तुझं काय सांगतोस, तुला तर जेवतानासुद्धा घाम फुटतो."

"ते बायकोच्या धाकानं!" हम्मू म्हणाला, आणि पुन्हा हशा उसळला. हशा ओसरेपर्यंत तोही बोलून गेला होता, "बरं बाबा, साफी, साफी."

एरवी त्या भरणीवर दुसऱ्या दिवशी चढले असते. पण दिवस थोडे होते. दुपारच्या नमाजानंतर मला त्याच भिंतीवर चढवलं. हम्मू माझ्या पोटात उतरला. धुमस पडू लागली, गाणं सुरू झालं. माझे खालचे दांडे मातीत रुतत चालले होते. मग खालची भरणी भरल्या पोटासारखी बाहेर आली.

हम्मू म्हणाला, "कोण उचलतो?"

"आम्ही उचलतो!"

आणि मग भिंत गेली. मला आजही ऐकू येतो तो पडण्याचा आवाज नाही, त्यानंतरची झील. धूळ वर उठत होती, आणि मागे टोपल्या घेऊन येणाऱ्या दोघांना काही दिसलं नव्हतं. त्यांनी सवयीनं पुढची झील दिली, "येईल त्याचं!" ओळ टाकणारा मात्र मातीखाली होता.

त्यांनी नखांनी उकरलं. काढला तेव्हा तो गेला होता. इन्ना लिल्लाही. आपण देवाचे आणि देवाकडेच परत जायचं. पण असं नव्हतं जायचं त्यानं.

फौजदार आले. त्यांनी विचारलं, "जबाबदार कोण?"

"मी," माल्लेम म्हणाला.

"मी," लूबना म्हणाली. "मी," तूदा म्हणाली. मग एकेक करत सगळे तेच म्हणाले.

फौजदारांनी टोपी काढून कपाळ पुसलं. "भल्या माणसांनो, माझी गाडी चार जणांची आहे. कागदावर नावाला रकाना एकच. एक नाव सांगा."

माल्लेमनं आपलं नाव सांगितलं, आणि बाकीच्यांनी सांगू दिलं. देव मला क्षमा करो, पण त्या घडीला मला त्या सगळ्यांची चीड आली.

तिसऱ्या दिवशी हम्मूची बायको आली. त्याच्या चपला न्यायला. इत्तो तिचा पदर धरून होती. लूबना उठली, जामिनावर सुटून आलेला माल्लेम काठी टेकत उठला. तूदा मात्र तिच्यासमोर जमिनीवरच बसली.

"मला कळलं होतं," तूदा म्हणाली. "भिंत ओली होती. माझ्या हाताला कळलं होतं."

माल्लेमनं तिच्याकडे पाहिलं. "कळलं होतं? मग बोलली का नाहीस?"

"तुमचा हात आधी लागला होता, माल्लेम."

म्हाताऱ्यानं आपले दोन्ही तळवे उघडून पाहिले, जणू दुसऱ्या कुणाचे आहेत.

कुणीतरी त्या बाईला समजावू लागलं, की हम्मूलाही शंका आली होती, पण त्यानं ती चेष्टेवारी नेली. तिनं चपला पदरात बांधल्या आणि म्हणाली, "हसत का होईना, तो बोलला. तुम्ही इतके शिकलेले, तुम्ही काय केलंत? हसलात." मग लेकीचा हात धरून ती डोंगराच्या वाटेला लागली. मागे वळून पाहिलं नाही तिनं.

संस्थेला कुलूप लागलं. खटल्याचा निकाल यायच्या आत माल्लेम देवाघरी गेला. लूबना शहरात परतली. तूदानं शाळा पुरी केली नाही, असं ऐकतो. वसतिगृहाच्या पायात आता काटेरी झुडपं उगवलीत, आणि इत्तो शेळ्या राखते. माझी एक फळी त्या दिवशी चिरली, दुसरी कुणीतरी पाटावर पूल म्हणून टाकली. आडवी फळी आणि दांडे एवढाच मी उरलोय.

मित्रांनो, मला तेलपाणी करा असं मी तुम्हाला सांगत नाही. माझे दिवस सरले. पण तुम्ही जिथं चार जण मिळून काही उभं कराल, घर, शाळा, नुसता मांडव का असेना, तिथं सगळ्यात धाकट्याला आधी विचारा. आणि त्यानं विनोदात सांगितलं, तर हसणं आवरून हातातलं काम थांबवा. जोडलेली माणसं हेच खरं बांधकाम. त्याचीच डागडुजी राहून जाते.

एवढं बोलून थांबतो. एक मागणं आहे. चौतीस वर्षांचा होता तो. दोन्ही गालांना खळ्या पडायच्या. तुम्ही नमाजाला बसा, आरतीला उभे राहा, कुठंही तुमचा देव असो, तिथं एकदा त्याचं नाव घ्या. हम्मू, तिझगीचा.