गिअरचा हात

आमच्या इथला पादचारी पूल गेल्या महिन्यात सुरू झाला. वरातीमागून घोडं. लोखंडी जिने, वर पत्रा, दोन्ही टोकांना दिवे. लोक हौसेने चढतात, पोरं वर उभी राहून खालच्या गाड्या मोजतात. मी अजून त्यावर पाय ठेवलेला नाही.

माझं पंक्चरचं दुकान आहे. रस्ता दोन पदरी होता तेव्हा चहावाल्याची टपरी अगदी समोर होती. मी इथून ओरडायचो, तो तिथून शिवी द्यायचा आणि चहा यायचा. मग शहराला वाढायचं वेड लागलं. कारखाने आले, शेतांचे प्लॉट झाले, प्लॉटांवर इमारती झाल्या आणि रस्ता सहा पदरी झाला. मला आनंदच झाला होता, खोटं कशाला बोलू? जितकी चाकं तितके खिळे. धंदा तिपटीने वाढला. फक्त मधोमध कमरेएवढी काँक्रीटची भिंत उभी राहिली आणि समोरची टपरी परगावी गेल्यासारखी झाली. गाडीने पलीकडे जायचं तर चार किलोमीटर पुढे जाऊन वळायचं. पायी जाणाऱ्यांसाठी नकाशात पूल होता, जमिनीवर त्याचे नुसते बोल्ट होते.

म्हणून ती भिंत मी फोडली. माझ्या घणाने, भर दुपारी, सगळ्यांच्या देखत. ठेकेदाराने दोनदा बुजवली, मी तिसऱ्यांदा फोडली. माणूस जाईल एवढी फट ठेवली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आई मात्र म्हणाली, "तुझं डोकं हातात आहे रे. देवाने चुकून तिथं बसवलं." हे ती मी लहान असल्यापासून म्हणायची आणि म्हणता म्हणता पाठीत एक ठेवूनही द्यायची. धाकटा भाऊ माझ्या अगदी उलट. गिऱ्हाईक शिव्या देत असलं तरी हा हसत त्याच्या चाकात हवा भरणार.

त्या दिवशी सकाळी अकराच्या सुमाराला मी एका ट्रकचं टायर सोडवत होतो. हातात टॉमी होती, टायर काढायची हातभर लोखंडी पट्टी. धाकट्याला म्हणालो, "जा, दोन चहा आण."

"दादा, एवढा पॅच बसवतो आणि जातो."

"आत्ता म्हणजे आत्ता!" मी खेकसलो. तो गेला.

ब्रेक वाजले नाहीत. ओलं पोतं आपटावं तसा आवाज तेवढा आला. मी वळून पाहिलं, तर धाकटा फटीच्या अलीकडे, आमच्याच बाजूच्या पदरात पडला होता. उजवा पाय मांडीपासून भलतीकडेच वळला होता आणि त्याच्याखाली रक्ताचं थारोळं साचत होतं. दहा पावलांवर एक टेम्पो उभा होता. मागचं फळकं उघडं होतं आणि टेम्पोवाला आतल्या प्लास्टिकच्या खुर्च्या भराभर रस्त्यावर फेकत होता. दुसरी एकही गाडी थांबलेली नव्हती.

"पळायला बघतोय! गाडी हलकी करतोय!" कुणीतरी ओरडलं.

पळणारा माणूस आधी खुर्च्या कशाला उतरवेल? हा प्रश्न मला आज पडतो. तेव्हा मी धाकट्याजवळ गुडघ्यांवर बसलो आणि ओरडलो, "कुणी ठोकलं? सांग मला, कुणी?" त्याच्या तोंडून शब्द फुटेना. त्याने कसाबसा हात उचलला आणि टेम्पोकडे बोट केलं.

मला तेवढं पुरलं.

टेम्पोवाला पन्नाशीचा, किडमिडीत माणूस. मला येताना पाहून त्याने हातातली खुर्ची खाली ठेवली. "दादा, अहो ऐका जरा," एवढंच म्हणाला. पहिला फटका मी त्याच्या खांद्यावर हाणला. दुसरा डोक्यावर बसायचा, तर त्याने डावा हात आडवा घातला. मनगट मोडल्याचा आवाज मला स्पष्ट ऐकू आला. आणि खरं सांगतो, बरं वाटलं मला. तिसरा फटका मी मुद्दाम त्याच हातावर मारला.

मग गर्दी तुटून पडली. लाथा, चपला, दगड. एकाने त्याचीच खुर्ची उचलून ती मोडेपर्यंत त्याच्या पाठीत घातली. दुसऱ्याने केस धरून त्याचं तोंड फळक्यावर आपटलं. खाली पडल्यावरही तो एकच म्हणत होता, "त्याला आत घाला... आधी त्याला आत घाला..." "नाटकं करतोय," कुणीतरी म्हणालं आणि त्याच्या बरगडीत लाथ बसली. आम्ही सगळ्यांनी ते ऐकलं होतं. ऐकून मारलं.

चहावाला पलीकडे उभा राहून हातवारे करत होता. त्याच्या बाजूचे तीन पदर सुसाट वाहत होते. तो एक पाऊल टाकायचा आणि मागे यायचा. काय ओरडतोय ते ऐकू येत नव्हतं. मला वाटलं, तोही म्हणतोय, हाणा. अखेर तो फटीतून अलीकडे आला आणि त्याने माझी गचांडी धरली.

"गाढवा! डंपर होता तो! पिवळा डंपर! ठोकून निघून गेला! हा मागून आला आणि थांबला! एकटा हाच थांबला!" मग तो गर्दीकडे वळला. "चोर सोडून संन्याशाला फाशी देताय रे!"

गर्दीला घरदार असतं. ती घरी गेली. बघता बघता रस्त्यावर आम्ही चौघंच उरलो आणि मोडक्या खुर्च्या. चहावाल्याने अॅम्ब्युलन्सला फोन लावला. ती शहरातल्या कोंडीत अडकली होती. हॉस्पिटल तीन किलोमीटर मागे, तेही पलीकडच्या बाजूला. मी हात पसरून रस्त्यात उभा राहिलो. गाड्या मला वळसा घालून जात होत्या. माझ्या हातात अजून टॉमी होती, हे माझ्या ध्यानातच नव्हतं.

"उचला त्याला," मागून आवाज आला. टेम्पोवाला फळक्याला धरून उभा राहिला होता. एक डोळा सुजून मिटला होता, दात रक्ताने माखले होते. "पायाला वर घट्ट काहीतरी बांधा."

मी दुकानातून ट्यूब आणली, कापली आणि मांडीला आवळून बांधली. धाकटा पांढरा पडला होता. आम्ही त्याला आत ठेवलं, चहावाला त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसला. टेम्पोवाला मोडका हात छातीशी धरून स्टिअरिंगमागे चढला.

"बस शेजारी," तो मला म्हणाला. "डाव्या हाताने गिअर पडणार नाही माझ्याच्याने. तू टाक."

"मला गाडी येत नाही." हजारो चाकं काढली मी आयुष्यात, पण चालवायला कधी शिकलो नाही.

"मी सांगतो तसं कर. मी क्लच दाबला की मी म्हणेन तो. हं, पहिला. वर ढकल."

मी ढकलला. टेम्पो हलला.

"दुसरा. सरळ खाली ओढ. जोर नको लावू, त्याची चूक नाही काही."

त्याने हे टोमणा म्हणून म्हटलं नाही. म्हणूनच ते जास्त लागलं. पुढच्या वळणापर्यंत चार किलोमीटर आणि तिथून मागे सात. माझा हात गिअरवर, त्याचा काळानिळा हात मांडीवर, वीतभर अंतरावर. खड्डा आला की तो कण्हायचा आणि आधी मागे विचारायचा, "आहे ना रे?" चहावाला म्हणायचा, "आहे, आहे."

"मला म्हणाला तो," टेम्पोवाला मध्येच बोलला. "मी खाली उतरलो ना, तर म्हणाला, काका, टेम्पोत घाला मला. म्हणून जागा करत होतो. तिसरा टाक."

तेव्हा मला ते बोट कळलं. धाकट्याने मला माणूस दाखवला नव्हता, गाडी दाखवली होती. मी रडायला लागलो. टेम्पोवाला ओरडला, "रडायचं नंतर! तिसरा!"

वळून येताना पलीकडच्या बाजूला माझं दुकान दिसलं. ट्रक तसाच जॅकवर होता.

डॉक्टर अर्ध्या तासाने बाहेर आला. "रक्त फार गेलं होतं," तो म्हणाला. "दहा मिनिटं आधी आणलं असतं, तर कदाचित वाचला असता." तो सहज बोलून गेला. ती दहा मिनिटं कुठे गेली हे त्या व्हरांड्यात आम्हा तिघांना ठाऊक होतं.

हवालदार आला. टेम्पोवाल्याला विचारू लागला, "तुम्हाला कुणी मारलं?"

टेम्पोवाल्याने उरल्या डोळ्याने माझ्याकडे पाहिलं. "दिसलं नाही," तो म्हणाला. "अंधार होता."

"सकाळी अकराला?"

"हो."

हवालदाराने वही मिटली. मी तोंड उघडणार, एवढ्यात आई आली. कुणीतरी तिला वाटेतच सगळं सांगितलं असावं, म्हणजे अर्धंच. ती आत धाकट्याकडे गेली. तिथून तिचा आवाज आला, तो मी लिहू शकत नाही. बऱ्याच वेळाने बाहेर आली, ती सरळ टेम्पोवाल्याच्या पायाशी बसली. त्याचा मोडका हात तिने ओंजळीत घेतला.

"देवासारखा थांबलास रे बाबा माझ्या लेकरासाठी. आणि तुझी ही गत?" ती हुंदके देत म्हणाली. "ज्या मेल्याने हे केलं ना, त्याचे हात झडोत! त्याच्यामुळे माझं पोर गेलं."

"आई, राहू द्या," टेम्पोवाला म्हणाला. "असू द्या आता."

मी पुढे झालो. ट्यूबचा काळा डाग, धाकट्याचं रक्त, त्या माणसाचं रक्त, सगळं वाळून हातांना चिकटलं होतं. ते दोन्ही हात मी तिच्यासमोर धरले.

"आई," मी म्हणालो, "हेच ते."

तिने हातांकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आता पाठीत बसणार, म्हणून मी वाकून उभा राहिलो. मारलं असतं तर बरं झालं असतं. तिने पदर सावरला, टेम्पोवाल्याच्या शेजारी बाकावर बसली आणि त्याच्या हाताला प्लास्टर होईपर्यंत तिथून उठली नाही.