हाकेला ओ

खिडकीच्या गजावर काठी टणटण वाजली, तेव्हा ती बॅगेची चेन ओढत होती आणि चेन नेमकी अर्ध्यात अडकली होती.

"आले, आले! चहा झाला एवढं तोंडानं सांगितलं तर जीभ झिजणार आहे का, भावोजी?"

खिडकीबाहेर काठी धरून उभे असलेले मास्तर हसले. ती त्यांच्या धाकट्या भावाची बायको. भाऊ गेल्यापासून एकाच घरात, मधल्या भिंतीच्या अल्याड-पल्याड दोघं राहत आले होते. भावाचा मुलगा दोघांनी मिळून वाढवला. तो आता लांबच्या शहरात नोकरीला होता, त्याला मुलगी झाली होती, आणि आईला त्यानं कायमचं बोलावून घेतलं होतं. काकालाही बोलावलं होतं. काका नको म्हणाले.

मास्तरांची उभी हयात सर्कशीत सिंहांसमोर गेली, पण माणसाला मागून हाक मारायची त्यांची छाती होत नसे. दूधवाला दारावरून पुढे निघून गेला की हे भांडं वाजवत. पुतण्या लहानपणी रस्त्यात पळत सुटला तर हे धापा टाकत मागे धावत आणि मुकाट्यानं दंड धरून आणत. "सिंहाला दरडावता आणि पोराला हाक मारता येत नाही होय!" म्हणून नवखे लोक हसत. जुने हसत नसत.

सिंहाच्या पिंजऱ्याचा एक नियम आहे. आत एक माणूस असतो, दाराशी दुसरा. आतल्याच्या पाठीमागे जनावर बिथरलं, तर दाराशी उभ्या असलेल्यानं हाक माणसाला मारायची नाही. जनावराला मारायची. गजावर सळई आपटली की सिंह तिकडे बघतो आणि आतल्याला सावरायला उसंत मिळते. धाकट्याला हे मास्तरांनीच शिकवलं होतं, कान पिळून पिळून. तो पहिल्यांदा एकटा आत गेला त्या दुपारी त्याच्या पाठीमागे सिंह स्टुलावरून खाली उतरला. सळई मास्तरांच्या हातातच होती. तोंडातून निघालं, "धाकट्या!"

तो वळला. सिंहाकडे नाही, दादाकडे. जन्मभर त्या आवाजाला वळत आला होता, तसाच. चेहऱ्यावर भीती नव्हती. 'काय, दादा?' एवढंच होतं.

जनावराचा काय दोष, असं सर्कशीचे मालक म्हणाले. आणि मास्तर त्याच सिंहासमोर उभे राहिले, वर्षानुवर्षं. त्यांची नजर क्षणभरही ढळत नाही म्हणून लोक टाळ्या पिटत. नजर काढली की धाकटा तसाच मान वळवून उभा दिसेल, ही धास्ती लोकांना कुठून कळणार? पुढे सर्कशीतली जनावरं सरकारनं काढून नेली. म्हाताऱ्या सिंहाचा पिंजरा ट्रकवर चढवला, तेव्हा मास्तरांनी हळूच गजावर सळई वाजवली. सिंहानं लगेच मान वळवून बघितलं. इतकं सोपं होतं ते. त्या रात्रीपासून मास्तरांची झोप जी उडाली ती उडालीच.

स्टँडवर बस लागलेली होती. ती बाकावर बॅग धरून बसली.

"गोळ्या कपाटात वरच ठेवल्यात. आणि भात करपवू नका, गॅसकडे लक्ष ठेवा." मग म्हणाली, "अजून वेळ गेलेली नाही, भावोजी. चला की. पोरगा जीव टाकतो तुमच्यावर."

"त्याची मान बापासारखीच वळते गं. मला नाही बघवत."

तिनं बॅगेचा पट्टा हाताला गुंडाळून घेतला.

"त्या दिवशी मी पडद्यामागेच होते. माझा झुल्याचा खेळ होता पुढे. ऐकलं मी."

"माहितीये."

"मी बोलले का कधी काही?"

"बोलली असतीस तर बरं झालं असतं."

कंडक्टरनं शिट्टी मारली. ती उठली, गुडघ्यावर हात टेकून, आणि बसकडे निघाली. जाऊ नकोस, एवढंच मास्तरांना म्हणायचं होतं. घरात आता भिंतीपलीकडून भांड्यांचा आवाज येणार नव्हता, आणि आयुष्यात मागायचं असं हे एकच उरलं होतं. ती पायरीशी पोचली. मास्तरांनी कठड्यावर वाजवायला काठी उचलली. काठी वरच राहिली. आतून काहीतरी फाटल्यासारखा आवाज आला.

"धाकट्या!"

ती थांबली. एका हातानं दांडी धरून सावकाश वळली. आणि मास्तरांनी नजर काढली नाही. ती बघतच राहिली त्यांच्याकडे.

"ओ," ती म्हणाली. "ओ, दादा."

उभ्या जन्मात तिनं त्यांना दादा म्हटलं नव्हतं. ते म्हणणारा एकच होता.

"आजी, चढा, चढा," कंडक्टर म्हणाला. ती चढली. दार लागलं.

बस फाटकातून बाहेर पडली, वळणावर दिसेनाशी झाली, तरी मास्तरांची काठी अधांतरीच होती. बाकावरच्या कोणा प्रवाशाला राहवेना.

"आजोबा, कोणाला हाक मारत होता?"

"भावाला."

"ऐकलं का त्यानं?"

मास्तरांनी काठी खाली टेकवली.

"हो," ते म्हणाले. "ओ दिली."